परसातल्या लग्नात त्या दिवशी सूत्रं कोणाच्या हाती द्यावीत?

तुमचा प्रश्न आधी माझ्या शब्दांत मांडते, म्हणजे मला काही वेगळं समजलं असेल तर लगेच कळेल. लग्न दोन महिन्यांवर आलंय. आई-वडिलांच्या घरामागच्या मोकळ्या आवारात करायचंय, पाहुणे नव्वदच्या आसपास. मांडव, केटरर, फुलं, साउंड, फोटोग्राफर हे सगळं तुम्ही स्वतः ठरवलंय. आता कुणीतरी सुचवलं की त्या दिवसापुरता एक कोऑर्डिनेटर घ्या. आईचं म्हणणं, घरचंच कार्य आहे, बाहेरचा माणूस कशाला? आत्या आणि मामेबहीण सगळं सांभाळायला तयार आहेत. आणि हा खर्च गरजेचा की उगाचचा, हे तुम्हाला ठरवता येत नाहीये.

मी हेच काम बरीच वर्षं करते आहे, त्यामुळे माझं मत थोडं एका बाजूला झुकलेलं असणार हे धरून वाचा. पण मला वाटतं, तुमचा खरा प्रश्न खर्चाचा नाहीच. त्या दिवशी तुमच्या माणसांपैकी कोणी लग्न बघायचं नाही आणि फक्त काम करायचं, हा तो प्रश्न आहे. कोणीतरी ते करणारच. तुम्ही आधी ठरवलं नाहीत तर ते आपोआप ठरतं, आणि बहुतेक वेळा ती माणसं तुमचे आई-वडील असतात.

कारण सांगते. हॉल भाड्याने घेतला की त्या भाड्यात एक गोष्ट न मागता मिळते: ती जागा ओळखणारी माणसं. वीज गेली तर कुठला खटका वर करायचा, टेम्पो कुठून आत घ्यायचा, पाण्याची टाकी कधी भरायची, रात्री शेवटचं कुलूप कोण लावणार, हे तिथल्या व्यवस्थापकाला पाठ असतं. घराच्या आवारात हीच माहिती तुमच्या आई-वडिलांच्या डोक्यात असते. मांडववाला खुंट्या कुठे ठोकू म्हणून बाबांनाच विचारणार. केटरर पाणी कुठून घेऊ म्हणून आईलाच हाक मारणार. फुलवाला पोचला की फोन तुम्हाला करणार, कारण त्याच्याकडे तुमचाच नंबर आहे. प्रत्येक प्रश्न दोन मिनिटांचा असतो, पण तो सकाळपासून रात्रीपर्यंत येत राहतो.

एका लग्नाला मी पाहुणी म्हणून गेले होते. विधी चालू असताना साउंड बंद पडला. झालं होतं इतकंच, की केटररच्या माणसाने पाणी तापवायचा बॉयलर लावला आणि तो साउंडच्याच सर्किटवर होता. ब्रेकर खाली पडला. तो वर करायला दहा सेकंद पुरली असती. पण ब्रेकरचा बोर्ड होता आतल्या खोलीच्या कपाटामागे, त्या खोलीला गर्दीमुळे कुलूप लावलेलं, आणि किल्ली वधूच्या आईच्या पर्समध्ये. आई विधीला बसलेली. चार पाहुणे एकमेकांना खुणा करत होते आणि साउंडवाला आपल्या वायरी तपासत बसला होता, कारण बॉयलरचं त्याला माहीतच नव्हतं. शेवटी आईलाच मधून उठावं लागलं. तिथे कामाला हुशार नातेवाईक कमी नव्हते. पण बॉयलर, साउंड आणि किल्ली या तिन्ही गोष्टी माहीत असलेला एकही माणूस मोकळा नव्हता. कोऑर्डिनेटर घेता म्हणजे असा एक माणूस मोकळा ठेवता.

आता आत्या आणि मामेबहिणीचं. त्यांच्या क्षमतेबद्दल मला शंका नाही. कित्येक घरांतल्या आत्या कुठल्याही व्यावसायिकाइतक्या चोख काम करतात. अडचण नात्याची असते. आत्या तुमची पाहुणी आहे, तिच्या सासरची माणसं आली की तिला त्यांच्याजवळ बसावं लागेल, फोटोसाठी तिला बोलावलं जाईल. मामेबहीण वयाने लहान असेल तर ज्येष्ठ माणसाने वेळापत्रकाबाहेरचं काही सांगितलं की तिला नाही म्हणता येणार नाही. आणि केटररच्या सुपरवायझरला ती कोण हे माहीत नसेल, तर तिने 'थांबा' म्हटल्यावर तो थांबणार नाही, तो तुमच्या बाबांना शोधेल. तिऱ्हाईत माणसाचा फायदा नेमका इथे असतो. त्याने नाही म्हटलं तर कुणाच्या मनात ते वर्षानुवर्षं राहत नाही.

तरीही प्रत्येक घरगुती लग्नाला कोऑर्डिनेटर लागतोच असं मी म्हणणार नाही. तीसेक पाहुणे, दुपारची वेळ, एकच केटरर आणि तोच वाढपी, भांडी, टेबलं घेऊन येणारा, असं असेल तर पैसे वाचवा. पाहुण्यांच्या संख्येपेक्षा मी बाहेरून येणाऱ्या वेगवेगळ्या माणसांची संख्या मोजते. तीन-चारपर्यंत घरचा एखादा धीराचा माणूस सांभाळू शकतो. त्यापुढे प्रत्येकजण दुसऱ्यावर अवलंबून राहायला लागतो. मांडव उभा झाल्याशिवाय दिवे लागत नाहीत, दिवे लागल्याशिवाय फुलं चढत नाहीत, टेबलं आल्याशिवाय केटररला मांडणी करता येत नाही. आणखी दोन गोष्टी मी बघते. विधी आणि जेवण एकाच जागी आहेत का, म्हणजे मधे खुर्च्या हलवाव्या लागणार का? आणि कार्यक्रम अंधार पडेपर्यंत चालणार का? तुमच्या वर्णनावरून पाच जण वेगवेगळे येणार आहेत आणि जेवण संध्याकाळचं आहे. आवाराचं माप तुम्ही दिलेलं नाही, ते महत्त्वाचं आहे. बसून जेवायचं असेल तर पाच फुटी गोल टेबलाला आठ माणसं नीट बसतात. नव्वदला बारा टेबलं. वाढप्यांना मधून फिरता यावं म्हणून माणशी सव्वा ते दीड चौरस मीटर धरा, म्हणजे नुसत्या जेवणाला सव्वाशेच्या आसपास चौरस मीटर सपाट जागा लागली. विधीसाठीची जागा त्याखेरीज. एवढी जागा नसेल तर त्याच खुर्च्या दोनदा वापराव्या लागणार, आणि मग माझं उत्तर स्पष्ट 'घ्या' असं आहे.

कोऑर्डिनेटर नेमकं काय करते याबद्दल गैरसमज खूप आहेत, ते आधी दूर करू. ती तुमच्यासाठी केटरर शोधत नाही, सजावट ठरवत नाही, खर्चाची घासाघीस करत नाही. ते सगळं तुमचं करून झालेलं आहे. ती वाढायला किंवा खुर्च्या उचलायलाही येत नाही. ते काम माणसांकडून करवून घेते. पण ती लग्नाच्या दिवशी सकाळी पहिल्यांदा उगवते असंही नाही. चांगली कोऑर्डिनेटर चार ते सहा आठवडे आधी काम हातात घेते. तुम्ही प्रत्येकाशी केलेले करार वाचते, प्रत्येकाला स्वतः फोन करून वेळ, माणसं, वीज, गाडीचा आकार विचारते, घर आणि आवार पायी फिरून बघते, वेळापत्रक लिहिते आणि शेवटच्या आठवड्यात ते सगळ्यांकडून कबूल करून घेते. आदल्या दिवशी विधीची एक रंगीत तालीम घेते. हे सगळं झालं तरच त्या दिवशीचे तिचे दहा-बारा तास उपयोगाचे ठरतात. 'मी सकाळी आठला येईन, काळजी करू नका' एवढंच कुणी म्हणालं तर तिला घेऊ नका. कितीही स्वस्त असली तरी.

करार वाचण्याचं काम कंटाळवाणं दिसतं, पण निम्म्या अडचणी तिथेच सापडतात. मांडववाल्याच्या करारात मांडव काढायची वेळ रात्री दहा आणि साउंडवाल्याच्या करारात कार्यक्रम अकरापर्यंत, असं मी अनेकदा पाहिलंय. केटरर टेबलं 'पुरवणार' असतो, पण ती उलगडून मांडणार कोण हे कुठेच लिहिलेलं नसतं. उष्ट्याचा आणि कचऱ्याचा उल्लेख तर बहुतेक करारांत नसतोच. नव्वद माणसांच्या जेवणानंतर किती पिशव्या भरतात आणि त्या रात्री कुठे ठेवायच्या, हे आधी ठरलं नाही तर दुसऱ्या दिवशी सकाळी तुमची आई ते काम करत असते.

घरच्या आवाराच्या काही गोष्टी मात्र हॉलपेक्षा पूर्ण वेगळ्या असतात, आणि कोऑर्डिनेटर निवडताना तिला या माहीत आहेत का हे बघायलाच हवं. म्हणून जरा खोलात जाते.

सगळ्यांत आधी वीज. सर्किटला किती भार चालेल हे ब्रेकरवर अँपिअरमध्ये लिहिलेलं असतं. २३० व्होल्टच्या पुरवठ्यावर १६ अँपिअरचा ब्रेकर म्हणजे जेमतेम ३,६०० वॅट. पाणी तापवणारा मोठा बॉयलर एकटाच २,००० ते ३,००० वॅट खातो. त्यावर अन्न गरम ठेवणाऱ्या पेट्या, साउंड, दिवे, पंखे. भिंतीवरचे दोन सॉकेट लांब आहेत म्हणून त्यांची सर्किटं वेगळी असतात असंही नाही. आत ते एकाच ब्रेकरला जोडलेले असू शकतात. कुठला सॉकेट कुठल्या ब्रेकरवर आहे हे एक-एक ब्रेकर बंद करून आधी तपासायचं आणि सॉकेटवर चिकटपट्टीने नंबर लिहायचा. अर्ध्या तासाचं काम आहे. लांब वायरीचं रीळ वापरणार असाल तर वायर पूर्ण उलगडा. गुंडाळलेल्या वायरीतून मोठा भार गेला की ती आत तापते आणि वितळू शकते. भार घराच्या आवाक्याबाहेर जात असेल तर जनरेटर घ्या. जनरेटरची क्षमता केव्हीएमध्ये सांगतात, १० केव्हीएचा बहुतेक वेळा ८ किलोवॅटच्या आसपास देतो, तेव्हा आकडे बरोबरीने जुळवू नका. तो दारं-खिडक्यांपासून निदान सहा मीटर लांब हवा आणि धुराडं घराकडे आणि मांडवाकडे नको, कारण त्याच्या धुरातला कार्बन मोनॉक्साइड वासाने कळत नाही आणि जीव घेतो. लांब ठेवल्याने आवाजही कमी होतो; मोकळ्या जागेत अंतर दुप्पट केलं की साधारण ६ डेसिबल उतरतात. आणि आदल्या रात्री, अंधार पडल्यावर, सगळं एकाच वेळी लावून बघायचं. एकेक लावून बघण्याला अर्थ नाही.

पाणी आणि स्वच्छतागृह. काही तासांच्या कार्यक्रमाला पन्नास माणसांमागे एक स्वच्छतागृह, हा कमीत कमीचा हिशोब आम्ही धरतो. मला तो तोकडा वाटतो, विशेषतः वयस्कर पाहुणे आणि लहान मुलं असतील तर. घरात दोन असतील तर एक पाहुण्यांसाठी उघडं आणि एक फक्त घरच्यांसाठी आणि वधू-वरांसाठी बंद ठेवा. बाहेर एक-दोन भाड्याने आणावीत. घराचं सांडपाणी सेप्टिक टँकमध्ये जात असेल तर टँक कुठे आहे ते खुणा करून ठेवा. त्यावरून मांडववाल्याचा ट्रक जाऊ देऊ नका, झाकण खचतं. मांडवाच्या खुंट्यांचंही तेच. जमिनीखालून पाण्याचा पाइप, गॅसची नळी किंवा वीजवाहिनी जात असेल तर तिथे खुंटी ठोकायची नाही, वजनं लावायची. ही माहिती बाबांकडे असेल. कोऑर्डिनेटरने ती बाबांकडून आधी काढून कागदावर आणायची, म्हणजे त्या दिवशी बाबांना कुणी शोधणार नाही.

पाऊस आणि वारा. इथे सगळेजण एकच चूक करतात: पर्याय ठरवतात, पण तो कधी आणि कोण अमलात आणणार हे ठरवत नाहीत. घरात हलवू, असं सगळे म्हणतात. मग आभाळ भरून येतं, तरी 'थोडी वाट बघू' चालू राहतं, कारण निर्णय घेणं म्हणजे कुणाची तरी हौस मोडणं. म्हणून वेळ आधी लिहायची. उदाहरणार्थ, सकाळी नऊ वाजता अंदाज बघायचा, पावसाची शक्यता तुम्ही ठरवलेल्या आकड्यापेक्षा जास्त असेल तर बाजूचे पडदे लावायचे आणि विधी पडवीत. निर्णय कोऑर्डिनेटर घेणार, कुणाला विचारणार नाही. विजांबाबत मात्र चर्चेला जागाच ठेवू नका. वीज चमकल्यापासून ३० सेकंदांच्या आत गडगडाट ऐकू आला तर सगळ्यांनी पक्क्या घरात किंवा बंद गाडीत जायचं, आणि शेवटच्या गडगडाटानंतर ३० मिनिटं बाहेर पडायचं नाही. मांडव विजेपासून वाचवत नाही. जोराच्या वाऱ्यात मांडव कधी रिकामा करायचा, तो किती वाऱ्याला टिकतो, हे मांडववाल्याकडून आकड्यात घ्या. 'काही होत नाही' हे उत्तर धरू नका.

जेवण. गरम अन्न ६० अंश सेल्सिअसच्या वर आणि थंड अन्न ५ अंशांच्या खाली राहायला हवं, आणि शिजवलेलं अन्न साध्या हवेत दोन तासांपेक्षा जास्त राहू नये, असं जागतिक आरोग्य संघटनेचं मार्गदर्शन आहे. हॉलमध्ये स्वयंपाकघर मागेच असतं. परसात केटरर बऱ्याचदा अन्न दुसरीकडे शिजवून आणतो, त्यामुळे घड्याळ त्याच्या गाडीतच सुरू झालेलं असतं. विधी पाऊण तास लांबला की त्याचा परिणाम फक्त वेळापत्रकावर होत नाही, अन्नावरही होतो. म्हणून चांगली कोऑर्डिनेटर केटररला जेवण कधी तयार होईल हे विचारून थांबत नाही. अन्न चुलीवरून कधी उतरणार, पेटीत कधी जाणार आणि बाहेर कधी मांडलं जाणार, अशा तीन वेळा विचारते. आणि विधी लांबतोय असं दिसताच केटररला निरोप देते, म्हणजे तो पुढचं अन्न मांडत नाही.

वेळापत्रक कसं लिहिलं जातं ते एकदा जवळून सांगते, कारण यावरून माणसाची कुवत लगेच कळते. नवखी व्यक्ती सकाळपासून सुरुवात करते. अनुभवी व्यक्ती हलवता न येणाऱ्या वेळा आधी धरते आणि तिथून मागे मोजते. समजा त्या दिवशी सूर्यास्त ६:४० ला आहे. फोटोग्राफरला उजेडात सगळ्या कुटुंबाचे फोटो हवेत, त्याला पाऊण तास लागतो, म्हणजे फोटो ५:४५ ला सुरू व्हायला हवेत. विधी तासाभराचा, म्हणजे सुरुवात ४:४५ ला. पाहुणे बसायला पंधरा-वीस मिनिटं घेतात, म्हणून पत्रिकेत वेळ साडेचारची. त्याआधी आवार पाहुण्यांसाठी मोकळं हवं, म्हणजे फुलवाल्याचं काम चारला संपलेलं, म्हणजे दिवे आणि मांडव दोनच्या आत तयार, म्हणजे मांडव शक्यतो आदल्या दिवशीच. आता फोटोंच्या त्या पाऊण तासाकडे बघा. घरचे पंधरा-वीस जण फोटोत आहेत, उरलेले सत्तर पाहुणे काय करणार? त्याच वेळात खुर्च्या हलवून टेबलं लावायची आहेत. चार सराईत माणसांना बारा टेबलं आणि नव्वद खुर्च्या लावायला निदान पाऊण तास हवाच. म्हणजे पाहुण्यांना तेवढा वेळ दुसऱ्या बाजूला, सावलीत, काही प्यायला देऊन थांबवायची जागा हवी, आणि त्यांना तिकडे नेणारा माणूस हवा. तो माणूस फोटोत असलेल्यांपैकी नको. आत्या फोटोत आहे. मामेबहीणही. लग्नातला सगळ्यांत नाजूक तास हा असतो, आणि घरची झाडून सगळी माणसं त्याच वेळी एका जागी अडकलेली असतात. घरच्यांवर हे काम का टाकू नये याचं याहून सोपं उत्तर माझ्याकडे नाही.

आता निवड. किती लग्नं केली हे विचारू नका, आकडा ऐकून काही कळत नाही. घराच्या आवारात केलंय का, हे विचारा. नंतर असं विचारा: कुणीतरी ठरलेल्या वेळी आलंच नाही असा प्रसंग सांगा, आणि पहिल्या पंधरा मिनिटांत तुम्ही काय केलंत? ज्यांनी खरंच निभावलंय त्या बारीकसारीक सांगतात: कुणाला फोन केला, कशाला पुढे ढकललं, कुटुंबाला काय सांगितलं आणि काय सांगितलं नाही. ज्यांनी निभावलेलं नसतं त्या स्वभावाबद्दल बोलतात, आपण किती शांत असतो वगैरे. त्यानंतर गप्प बसा आणि ती तुम्हाला काय विचारते ते बघा. रंगसंगतीच्या आधी ब्रेकर, स्वच्छतागृह, ट्रकची वाट, शेजारी आणि पार्किंग यांबद्दल विचारणारी बाई मला आवडते. आधीच्या गिऱ्हाइकांचे नंबर मागाल तेव्हा वधू-वरांशी बोलण्यापेक्षा त्यांच्या आईशी किंवा भावाशी बोला. वधू-वरांना बहुतेक गोष्टी दिसलेल्याच नसतात. आईला विचारा, 'त्या दिवशी तुम्हाला किती वेळा उठावं लागलं?' याचं उत्तर पुरेसं आहे.

नव्वद पाहुण्यांना तिच्याबरोबर एक मदतनीस हवाच. ती मांडवात असताना फाटकावर कुणीतरी लागतं. मदतनीस तिच्या फीमध्ये आहे की वेगळा, हे विचारून घ्या.

करार लेखी करा, एका पानाचा का असेना. त्यात किती तास, त्यापुढे तासाला काय दर, ती आजारी पडली तर बदली कोण येणार आणि त्या व्यक्तीशी तुमची आधी भेट होणार का, तारीख बदलली तर आगाऊ रकमेचं काय, हे असू द्या. पूर्ण रक्कम आधी देऊ नका. तिच्या अधिकारात किती खर्च आहे हेही लिहा. बर्फ संपला, बॅटरी संपली, कुणाला तातडीने गाडीने पाठवायचं आहे, अशा खर्चासाठी ठरावीक रोख तिच्याकडे द्या आणि तेवढ्याचा हिशोब नंतर घ्या. बाकीच्यांची उरलेली देणी नावं लिहून वेगळ्या पाकिटांत तिच्याकडे किंवा एका ठरलेल्या नातेवाइकाकडे द्या, काम झाल्यावर सही घेऊन द्यायची. आणि तिच्या जेवणाची वेळ वेळापत्रकात घाला. दहा तास उपाशी फिरणारा माणूस नीट निर्णय घेऊ शकत नाही.

शेजाऱ्यांना कार्यक्रमाची वेळ आणि गाड्या कुठे लागणार हे निदान पंधरा दिवस आधी जाऊन सांगा. आवाजाच्या आणि तंबूच्या परवानग्यांचे नियम जागोजागी वेगळे असतात, ते तुमच्या स्थानिक कार्यालयात तुम्हीच विचारा; हे काम कोऑर्डिनेटरवर टाकू नका, कारण अर्ज घरमालकाच्या नावाने लागू शकतो.

आता घरातला प्रश्न, जो मला वाटतं तुम्हाला जास्त सतावतोय. आई आणि आत्याला 'तुम्हाला जमणार नाही' असं ऐकू गेलं तर त्या दुखावतील, आणि ते खरंही नाही. त्यांना खरं तेच सांगा: त्या दिवशी तुम्ही माझ्या शेजारी हव्या आहात. मग कोऑर्डिनेटरला लग्नाच्या तीन-चार आठवडे आधी घरी बोलवा आणि तिला आई-आत्यासोबत एकटं बसू द्या. तुम्ही त्यात पडू नका. कोण कुठे बसणार, कुणाला गुडघ्याचा त्रास आहे, कुणाचं कुणाशी पटत नाही, कोणाला आधी नमस्कार करायला हवा, ही माहिती त्या दोघींकडेच आहे आणि कोऑर्डिनेटरला तिची खरंच गरज असते. मी या बैठकीतून नेहमी सगळ्यांत जास्त टिपणं घेऊन उठते. आत्यालाही बिनधावपळीचं, पण मानाचं एक काम द्या: ज्येष्ठांना फाटकापासून जागेपर्यंत आणणं, किंवा मौल्यवान वस्तूंची खोली सांभाळणं. आणि घरातल्या एकाच व्यक्तीला अंतिम शब्दाचा अधिकार द्या, कोऑर्डिनेटर फक्त तिलाच विचारेल. ती व्यक्ती तुम्ही नसावी, वरही नसावा. मोठा भाऊ, काका, एखादी ठाम मावशी, कुणीही चालेल. तुमचा फोन सकाळी मामेबहिणीकडे द्या, आणि सगळ्या सेवावाल्यांकडे तुमच्याऐवजी कोऑर्डिनेटरचा नंबर आठवडाभर आधी पोचलेला असू द्या.

पैसे खरंच नसतील तर मधले रस्ते आहेत. सगळ्यांत बरा रस्ता म्हणजे कोऑर्डिनेटरला फक्त वेळापत्रक, आवाराची एक पाहणी आणि त्या दिवशीचे मधले सहा तास एवढ्यासाठी बोलावणं: पाहुणे यायच्या आधीपासून जेवण सुरू होईपर्यंत. सकाळची मांडणी आणि रात्रीची आवराआवर घरच्यांनी करावी, कारण त्या वेळी चुकलं तरी पाहुण्यांसमोर चुकत नाही. दुसरा रस्ता, केटररच्या सुपरवायझरला जास्तीचे पैसे देऊन सगळ्यांची वेळ सांभाळायला सांगणं. हे चालतं, पण जेवण सुरू झालं की त्याचं लक्ष तिकडेच जाणार हे गृहीत धरा. तिसरा, मैत्रिणीची मैत्रीण, जी पाहुणी म्हणून येणार नाहीये आणि जिला कामाची सवय आहे. तिलाही मोबदला द्या आणि तिच्याशीही लेखी ठरवा. नातेवाइकांवरच सोपवायचं असेल तर दोघींमध्ये वाटू नका. दोघी म्हणजे प्रत्येक प्रश्नाला दोन उत्तरं. एकीलाच द्या, आणि तिला सांगा की त्या दिवशी ती फोटोत आणि पंगतीत नसेल. हे ऐकूनही ती हो म्हणाली तर तिच्यावर विश्वास ठेवा.

दोन महिने हातात आहेत, ते पुरेसे आहेत पण सैल नाहीत. या आठवड्यात आवार मोजा, ब्रेकर बोर्डाचा फोटो काढा, आणि पाचही करार एका फाइलमध्ये लावा. पुढच्या आठवड्यात दोन-तीन जणींना भेटा, आणि ती भेट कॅफेत नको, घरीच ठेवा. शक्यतो संध्याकाळी, ज्या वेळी तुमचं जेवण असणार आहे त्याच वेळी. जी आल्यावर परसातला अंधारा कोपरा, पायरी आणि उताराची जागा बघून 'इथे दिवा कुठून घेणार?' असं विचारेल, तिच्याशी पैशांचं बोलणं सुरू करा. आवाराचं माप आणि विधीची वेळ कळवलीत तर खुर्च्या हलवाव्या लागतील की नाही, हे मी नक्की सांगू शकेन.